एकदाच पेटलेली चूल



बँकेच्या सेवेत असताना कर्जाचे प्रस्ताव तपासणे हे माझे रोजचे काम होते. तारण काय, परतफेड कशातून होणार आणि अर्जदाराची पत किती, या तीन प्रश्नांपलीकडे सहसा जावे लागत नसे. परंतु ज्या प्रस्तावाविषयी माझ्या मनात सर्वांत अधिक आदर आहे, तो माझ्या टेबलावर कधीच आला नाही. तो १९१२ सालचा आहे आणि अर्जदार आपल्या नाशिक जिल्ह्यातील, त्र्यंबकेश्वर येथे १८७० साली जन्मलेला. धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजेच दादासाहेब फाळके.

विम्याची पॉलिसी गहाण ठेवून हे गृहस्थ लंडनला गेले, चलच्चित्रणाची विद्या शिकले, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा विकत घेऊन परत आले. चित्रपट काढायचा तर भांडवल हवे. ते मागायला गेल्यावर सावकार पहिला प्रश्न हाच विचारणार की, तुम्हाला हे जमते याचा पुरावा काय? दादासाहेबांनी एका कुंडीत वाटाणे पेरले, समोर कॅमेरा ठेवला आणि रोज एक याप्रमाणे महिन्याहून अधिक काळ चित्रे घेतली. त्यातून मिनिटाहून किंचित मोठी फीत तयार झाली. बी फुगते, अंकुर डोके वर काढतो आणि बघता बघता वेल होतो, एवढेच तिच्यात होते. ‘अंकुराची वाढ’ हे तिचे नाव. ती पाहून यशवंतराव नाडकर्णी यांच्यासारखे परिचित पैसे देण्यास तयार झाले. पन्नास पानांचा प्रकल्प अहवाल मी अनेकदा वाचला आहे. एक मिनिटाचा आणि खोट्याला जागाच नसलेला अहवाल मात्र हा एकच माझ्या ऐकिवात आहे.

(अंकुर फुटलेले कडधान्य आपल्याकडील अनेक घरांत अनंतकाय म्हणून वर्ज्य असते. आपल्या चित्रसृष्टीची सुरुवात नेमकी त्यानेच व्हावी, याची मला नेहमी गंमत वाटते. अर्थात दादासाहेबांनी ते वाटाणे खाण्यासाठी पेरले नव्हते, एवढे त्यांच्या बाजूने सांगता येईल.)

३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात ‘राजा हरिश्चंद्र’ लागला आणि तो इतिहास सर्वांच्या तोंडी आहे. पण मला त्या इतिहासातील दुसरेच काही अधिक मोलाचे वाटते. दादरच्या राहत्या घराचा स्टुडिओ झालेला, आणि चित्रपटात काम करणाऱ्या साऱ्या मंडळींचा स्वयंपाक सरस्वतीबाई फाळके करीत. त्या काळी कच्ची फिल्म कडेला भोके न पाडलेली येई. ती भोके अंधाऱ्या खोलीत बसून पाडण्याचे काम त्यांचेच. उजेड परतविण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून उन्हात उभे राहण्याचे कामही त्यांचे. तारामतीची भूमिका करावयास स्त्री मिळेना, तेव्हा उपाहारगृहात स्वयंपाकाचे काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. म्हणजे स्वयंपाकघरातून एक पुरुष पडद्यावर आला आणि जी गृहिणी रोज चुलीशी उभी होती, ती पडद्यामागेच राहिली. ‘राजा हरिश्चंद्र’च्या फितीचा प्रत्येक फूट त्या बाईच्या हातांखालून गेला होता. पडद्यावर मात्र ते हात दिसत नाहीत.

हे सारे आठवण्याचे कारण घरगुती आहे.

माझ्या थोरल्या बंधूंची नात पुण्यात माध्यमविषयक शिक्षण घेते. अभ्यासक्रमाचा भाग म्हणून तिला एक माहितीपट करावयाचा होता. आमच्या तरुणपणी यास ‘अनुबोधपट’ असा भारदस्त शब्द होता. चित्रगृहात मुख्य चित्रपटापूर्वी फिल्म्स डिव्हिजनची फीत दाखविण्याची सक्ती असे. सरकारने १९४८ साली स्थापन केलेली ही संस्था मुंबईत होती, आणि धरणे, खते, लसीकरण, हातमाग असे तिचे विषय असत. विजयानंद किंवा सर्कल चित्रगृहात आम्ही मित्र मुद्दाम दहा मिनिटे उशिरा पोहोचत असू, हे आज कबूल करतो. आता वाटते, काही चांगल्या फिती आपण दाराबाहेर शेंगदाणे खात चुकविल्या. तरीही त्या फितींतील भारदस्त आवाज आम्हाला पुष्कळ काही समजावून सांगे, परंतु आमच्या घरात डोकावत नसे, ही माझी तक्रार कायम आहे.

नातीने विषय निवडला तो आमच्या भुआजींचा उन्हाळा. भुआजी म्हणजे माझ्या वडिलांची धाकटी बहीण. वय चौऱ्याऐंशी. अठ्ठाविसाव्या वर्षी वैधव्य आले आणि त्या माहेरी परतल्या, तेव्हापासून आमच्या घराचे स्वयंपाकघर त्यांच्या स्वाधीन. आमची धान्याची पेढी तेव्हा सिन्नरला होती, पुढे नाशिकला आली. घर बदलले, गॅस आला, मिक्सर आला, पण गच्चीवरील मे महिना बदलला नाही. मुगाची मंगोडी, उडदाचे पापड, खिचिया आणि मक्याचे पीठ ताकात शिजवून पातळ पसरून वाळविलेली राबोडी. अष्टमी, चतुर्दशी आणि चातुर्मासात हिरवी भाजी वर्ज्य. तेव्हा मारवाडातून आलेल्या आमच्यासारख्या घरांचे ताट याच वाळवणावर चालते. बाहेरचा माणूस त्याला चवीची हौस समजतो. घरच्या बाईला ठाऊक असते की तो चार महिन्यांचा साठा आहे, आणि एका पावसाने गच्चीवर पाणी फिरले तर श्रावणात ताट रिकामे राहील.

चित्रीकरणापूर्वी नात मला घेऊन पांडवलेण्याच्या पायथ्याशी असलेल्या फाळके स्मारकात गेली. तेथून वर लेण्यांत जाण्याचा आग्रह माझा. दहाव्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने तीन हजार कार्षापणे कायम ठेव म्हणून विणकरांच्या श्रेणींकडे ठेविली. दोन हजार दरमहा शेकडा एक दराने आणि एक हजार शेकडा पाऊण दराने. व्याजातून लेण्यात वर्षावास करणाऱ्या भिक्षूंच्या वस्त्रांचा व अन्य किरकोळ खर्च भागावयाचा. मी निवृत्त बँकवाला. त्या भिंतीपुढे मी किती वेळ उभा राहिलो असेन, हे वाचकांना सांगावयास नको. नात म्हणाली, “दादाजी, हापण माहितीपटच झाला की.” मला ते पटले. सुमारे एकोणीसशे वर्षांपूर्वी कोणीतरी कपड्यालत्त्याच्या खर्चाचा हिशेब दगडावर कोरून ठेवण्याइतका महत्त्वाचा मानला होता.

गेल्या वर्षीच्या मे महिन्यात पहिल्या दिवशीच खटका उडाला.

नातीला पहाटेचा निळसर उजेड हवा होता. भुआजी म्हणाल्या, “सूर्य उगवल्याशिवाय मी पाण्याला हात लावत नाही.” सूर्य उगवला, पाणी गाळून झाले, गरण्यातील जीवाणी परत विहिरीच्या पाण्यात सोडण्यासाठी वेगळी ठेवून झाली, डाळ भिजली. साडेनऊच्या सुमारास वाटलेल्या मुगाची परात घेऊन त्या गच्चीवर बसल्या आणि बोटांच्या चिमटीतून मंगोड्या कापडावर पडू लागल्या. एकीसारखी एक, रांगेत, जणू कोणी मोजून ठेवीत आहे. पंधरा-वीस मिनिटांत परात रिकामी. तेवढ्यात नातीच्या लक्षात आले की ध्वनिमुद्रणाचे बटण दाबलेच गेले नव्हते. तिने अगदी लाघवीपणाने विचारले, “भुआजी, एकदा परत कराल?”

“परत म्हणजे?” भुआजींना प्रश्नच समजला नाही. समजला तेव्हा त्यांनी हात पुसले. “झाली की मंगोडी. घराला लागते तेवढी केली. आता पुन्हा डाळ भिजवायची, पुन्हा पाणी सांडायचे, पुन्हा ते यंत्र फिरवायचे, ते कुणाच्या पोटासाठी? तुझ्या डब्यासाठी?” डबा म्हणजे कॅमेरा.

श्रावकाच्या बारा व्रतांतील आठवे व्रत अनर्थदंड विरमण. प्रयोजनाशिवाय होणारी हिंसा टाळणे, हा त्याचा अर्थ. गृहस्थाला चूल पेटवावी लागते, धान्य दळावे लागते. तो आरंभ गरजेपुरता. पण केवळ दाखविण्यासाठी चूल पेटविली तर तिचे प्रयोजन काय सांगणार? भुआजींनी व्रताचे नाव घेतले नाही. त्या एवढेच म्हणाल्या, “राबोडी परवा आहे. तेव्हा घे काय घ्यायचे ते. चूल एकदाच पेटेल.”

मुलगी हिरमुसली. मला मात्र त्या नकारात तिच्या विद्येतीलच एक जुना वाद दिसू लागला, आणि तो तिनेच मला नंतर समजावून सांगितला. रॉबर्ट फ्लाहर्टी या अमेरिकन गृहस्थाने उत्तर कॅनडातील बर्फाळ प्रदेशात राहून १९२२ साली ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा चित्रपट काढला. जगभर तो माहितीपटांचा आद्य नमुना मानला जातो. त्यात नानूक बर्फाचे घर बांधतो, भाल्याने शिकार करतो. प्रत्यक्षात आतील चित्रण करण्यास उजेड पुरेना म्हणून अर्धेच उघडे घर बांधण्यात आले होते; आणि तेथील लोक तोवर बंदुका वापरू लागले होते, तरी चित्रपटासाठी त्यांना भाले धरावयास लावले. ज्याला नानूक म्हणून जग ओळखते, त्याचे नावही नानूक नव्हते. फ्लाहर्टीचा हेतू वाईट नव्हता. जी रीत लोपत आहे ती टिपावी, असे त्यास वाटले. पण ज्या क्षणी एखाद्या माणसाला त्याचेच जगणे ‘पुन्हा एकदा’ करावयास सांगितले जाते, त्या क्षणी ते जगणे राहते की त्याची नक्कल होते? विद्वानांना हा प्रश्न शंभर वर्षे पुरला आहे. भुआजींनी तो परातीत हात धुता धुता निकालात काढला.

त्यानंतर नातीने पद्धतच बदलली. काहीही पुन्हा करावयास सांगावयाचे नाही. चुकले तर चुकले. कृत्रिम दिवा लावावयाचा नाही. जिन्याजवळ सावली पडे तेथे उजेडासाठी एक पांढरी चादर धरावयाची, आणि ती धरण्याची नेमणूक अर्थातच निवृत्त माणसाची! चार दिवस मी ती धरून उभा होतो. सरस्वतीबाईंची आठवण मला कोणत्याही स्मारकापेक्षा तेथे अधिक आली.

दुसऱ्या दिवशी साडेअकराच्या सुमारास साध्वीजी गोचरीस आल्या. कोणत्याही चित्रकाराला मोह पडावा असे ते दृश्य असते. उंबरठा, पात्र, “थोडेच” म्हणून पुढे झालेला हात. मुलीने कोणी सांगण्यापूर्वीच कॅमेरा खाली ठेवला आणि ध्वनिमुद्रकही बंद केला. स्थानकवासी परंपरेत विजेच्या साधनांविषयीचा विवेक ती लहानपणापासून पाहत आली आहे. पुढे चित्रपटात तिने त्या जागी काय ठेविले? उंबऱ्यातील रिकामी फरशी आणि आतल्या ओट्यावर झाकण बाजूला ठेवलेले पातेले. दहा-बारा सेकंदांचे चित्र आहे. आपल्यापैकी कोणीही पाहील तर आता काय होऊन गेले ते न सांगता समजेल.

या निमित्ताने मी स्वतः काही माहितीपट पाहिले. खाद्यपदार्थांवरील चित्रपट म्हणजे वाफाळलेल्या भांड्यावर रेंगाळणारा कॅमेरा आणि वाहवा करणारा निवेदक, अशी माझी समजूत दूरचित्रवाणीमुळे झाली होती. लेस ब्लँक या अमेरिकन दिग्दर्शकाने १९८० साली चक्क लसणाच्या स्तुतीपर एक लांबलचक चित्रपट केला आहे. तो आमच्या दिवाणखान्यात लावण्याचे धाडस मात्र झाले नाही. मनात राहिला तो आन्येस वार्दा या फ्रेंच बाईंचा २००० सालचा चित्रपट. वयाच्या सत्तरीत छोटासा कॅमेरा हाती घेऊन त्या फ्रान्सच्या शेतांतून हिंडल्या, आणि पीक काढून झाल्यावर मागे उरलेले वेचून खाणाऱ्या माणसांशी बोलल्या. आपल्याकडे त्याला ‘सरवा वेचणे’ असा नेमका शब्द आहे. सिन्नरच्या शिवारात बाजरीची कणसे खुडून झाल्यावर सरवा वेचणाऱ्या बाया मी लहानपणी पाहिल्या आहेत, आणि तो सरवा मापून आमच्याच पेढीवर विकावयास आणणाऱ्याही पाहिल्या आहेत. पेढीच्या वहीत त्याची नोंद पसा-दोन पशांची. पण वहीत त्या बाईचे नाव नसे.

वहीचा विषय निघालाच आहे, तर आता मूळ गोष्ट सांगतो.

चौथ्या दिवशी पापड होते. गेली तीस वर्षे दर उन्हाळ्यात येणाऱ्या मावशी आणि भुआजी समोरासमोर बसून लाटीत होत्या. नातीने सहज विचारले, “या लाट्या तुम्ही वजन न करता इतक्या सारख्या कशा तोडता?”

भुआजी लाटता लाटता म्हणाल्या, “विकायचा माल असला की सारखाच लागतो. हाताला सवय आहे.”

आमच्या घरात पापड कधी विकले गेले नव्हते. निदान मला असेच ठाऊक होते. मुलीने पुढचा प्रश्न विचारला नाही. ती गप्प राहिली. या विद्येत गप्प राहणे शिकवितात म्हणे, आणि कर्जवसुलीला गेलेल्या अधिकाऱ्यालाही ते शिकावे लागते. लाटण्याचा आवाज तेवढा चालू होता. मग भुआजी सांगू लागल्या.

१९७२ चा दुष्काळ. सिन्नर तालुक्यात पाऊस नाही, पेढीची सारी उधारी शेतकऱ्यांकडे अडकलेली. ज्यांच्या घरी रेशनवरची लाल मिलो शिजत होती, त्यांच्याकडे मागावयास जाणार कोण? त्याच वर्षी वडील अंथरुणाला खिळले. पेढीवर सावकाराचे व्याज चढत होते. तेव्हा माझी आई आणि भुआजी यांनी दुपारी दार लावून पापड लाटावयास सुरुवात केली. दर रविवारी एक डबा नाशिकला जाई आणि तेथील एक ओळखीचे दुकानदार तो घेत. “कुणाला कळता कामा नये, असे भाऊने सांगितले होते. पेढीची पत जाईल म्हणून. डबा हा न्यायचा,” असे म्हणून त्यांनी लाटणे माझ्याकडे केले. “एसटीने. याला सांगितले होते, मामाजींकडे खाऊ पाठवतो आहोत.”

मी तेव्हा चौदा वर्षांचा होतो. डबा मला आठवतो, त्याची कडी बोटांना रुतत असे तेही आठवते. परत येताना त्याच डब्यात एक बंद पाकीट असे, ते आईच्या हाती द्यावयाचे. दर रविवारी खाऊ खाणारे हे मामाजी कोण, असा प्रश्न मला बावन्न वर्षांत एकदाही पडला नाही. पुढे मी छत्तीस वर्षे लोकांचे हिशेब तपासण्याचा पगार घेतला.

माझ्या हातातील चादर हलली. चित्रपटात ते दिसते. बोलता बोलता भुआजींच्या चेहऱ्यावरचा उजेड दोन-तीन वेळा थरथरतो. नातीच्या शिक्षकांनी तेवढा भाग दोषपूर्ण म्हणून बदलण्यास सुचविले होते. तिने बदलला नाही.

पुढल्या आठवड्यात मी माळ्यावरचे गाठोडे उतरविले. संवत २०२९ ची लाल कापडी बांधणीची रोजकीर्द वाळवीतून वाचली होती. दर सोमवारी वडिलांच्या किंवा थोरल्या बंधूंच्या अक्षरात एक नोंद: ‘किरकोळ जमा’. कधी चोवीस रुपये, कधी पस्तीस. तेहेतीस नोंदी, एकूण नऊशे अडुसष्ट रुपये. त्याच आठ महिन्यांत ‘व्याज नावे’ पडलेली रक्कम आठशे चाळीस. म्हणजे पेढी टिकली ती कशावर, हे वहीत अगदी सरळ लिहिलेले होते. फक्त ज्यांनी टिकविली त्यांना खाते नव्हते. मुंबईत गिरगावातील सात बायकांनी १९५९ साली ऐंशी रुपये उसने घेऊन पापड लाटावयास घेतले आणि त्यातून ‘लिज्जत’ उभी राहिली, ही कथा मी स्वतः महिला बचत गटांच्या मेळाव्यांत कितीदा तरी सांगितली आहे. टाळ्याही घेतल्या आहेत.

बंधूंना हे समजले तेव्हा ते संतापले नाहीत. त्यांनी नातीला जवळ बसविले आणि शांतपणे म्हणाले, “तेवढा भाग काढून टाक.” मी कारण विचारले. मला वाटले होते ते पेढीची प्रतिष्ठा, घरातील लग्नकार्ये, असे काही सांगतील. तेही त्यांनी सांगितले. परंतु मुख्य कारण निराळे होते. “वडिलांनी मला शपथ घातली होती. तू लहान होतास, तुला सांगितले नाही. मी वीस वर्षांचा होतो. ती नोंद ‘किरकोळ’ म्हणून घालायला त्यांनीच सांगितली आणि मी घातली. इतकी वर्षे मी तो शब्द पाळला आहे. आता एका परीक्षेच्या गुणांसाठी तो मोडायचा?”

यावर मला उत्तर सुचले नाही. आजही पूर्णपणे सुचलेले नाही. व्यापारी घरात दिलेला शब्द ही सर्वांत मोठी ठेव असते आणि माझ्या बंधूंनी ती अर्धशतक सांभाळली होती. दुसरीकडे, जिच्याविषयी तो शब्द होता ती बाई हयात होती, शुद्धीत होती आणि आपण होऊन बोलली होती. नातीचे म्हणणे असे की, ज्याचे चित्रण केले त्याला ते आधी दाखवावयाचे, आणि काय राहील, काय जाईल ते त्याने ठरवावयाचे. इतर कोणी नाही, तिच्या शिक्षकांनीही नाही, आणि दादाजींनीही नाही.

भुआजींनी चष्मा लावून संगणकाच्या पडद्यावर तो भाग पाहिला. दोनदा पाहिला. मग म्हणाल्या, “शपथ भाऊने तुला घातली. मला नव्हती घातली. मला कुणी विचारलेच नव्हते.” बंधू काही बोलले नाहीत. थोड्या वेळाने त्या नातीला म्हणाल्या, “एक मात्र कर. त्या दुकानदाराचे नाव मी घेतले आहे, ते काढ. त्या माणसाने आपले गुपित मरेपर्यंत सांभाळले. आता आपणच त्याला चारचौघांत कशाला आणायचे?” तेवढे नाव काढले गेले. ऐकताना त्या जागी लाटण्याचा आवाज येतो.

चित्रपट बावीस मिनिटांचा झाला. संवत्सरीनंतर खमतखामणासाठी सारे कुटुंब आमच्याकडे जमते. त्या दिवशी चार वाजता, चौविहाराच्या गडबडीआधी, दिवाणखान्याच्या भिंतीवर तो दाखविला. पंचेचाळीस-पन्नास माणसे असतील. मुले पहिल्या पाच मिनिटांत कंटाळली, कारण निवेदन नाही, संगीत नाही. एक म्हातारी नुसती काम करते आहे. पापडांचा भाग आला तेव्हा मात्र मागची कुजबुज थांबली. सुनांपैकी एक उठून पुढे जमिनीवर जाऊन बसली. बंधू दाराजवळच्या खुर्चीवर होते. चित्र संपल्यावर ते भुआजींपाशी गेले, वाकले आणि हात जोडून काही बोलले. त्या दिवशी सगळेच सगळ्यांपुढे हात जोडतात, म्हणून इतरांच्या ते ध्यानात आले नसावे. काय बोलले ते मला ऐकू आले नाही, आणि मी विचारलेही नाही.

सगळे कौतुक करीत असताना भुआजींची तक्रार एकच होती. “राबोडीत मीठ घातले तेव्हा ही माझ्या तोंडाकडे बघत होती. हात दिसलाच नाही. मीठ किती, ते पुढच्यांना कळणार कसे?”

नात म्हणाली, “पुढच्या वर्षी घेईन.”

“चूल पेटेल तेव्हा ये. आधी सांगून पेटवणार नाही.”

यंदा भुआजींचा उजवा हात थोडा कापतो. लाट्या त्या तोडतात, लाटावयास मावशी आणि धाकटी सून. मक्याचे पीठ परवा दळून आले आहे, ताक विरजणातून निघायचे आहे. नात काल रात्रीच्या गाडीने पुण्याहून आली, आणि पांढरी चादर धुऊन दोरीवर वाळत घातलेली मी आज सकाळी पाहिली.